तोंडचा शब्द आणि मनातला शब्द



सिनेगॉगमध्ये तफिल्ला चालू असता एखादा मुलगा मध्येच ओरडला किंवा वारंवार मान झटकू लागला, तर आपण मागे वळून त्याच्या आईबापांकडे पाहतो. "वळण लावले नाही," असे सहज म्हणतो. पण हा टुरेट सिंड्रोम असू शकतो. 1885 साली फ्रेंच डॉक्टर जिल द ला टुरेट यांनी त्याचे वर्णन केले. हा मज्जासंस्थेचा विकार असून तो बहुधा लहानपणी सुरू होतो. शिंक यावी तशी आतून उबळ येते. ती थोडा वेळ दाबता येते, कायमची नाही. अपशब्द मात्र थोड्याच रुग्णांच्या तोंडून निघतात.

स्कॉटलंडमधील गॅलाशील्सचे जॉन डेव्हिडसन त्यांपैकी एक. ते किशोरवयात असताना बीबीसीने त्यांच्यावर केलेला 'जॉन्स नॉट मॅड' हा माहितीपट 1989 साली दाखविला गेला. पुढे त्यांनी या विकाराविषयी लोकांत समज वाढविण्याचे काम केले. त्याबद्दल 2019 साली त्यांना एम.बी.ई. किताब मिळाला. तो स्वीकारतानाही राणीसमोर त्यांच्या तोंडून अपशब्द गेला. किताब तसाच राहिला, कारण तो शब्द त्यांच्या मनातला नव्हता.

मोशे रब्बेनूंची जीभ जड होती. देवाने त्यांच्या सोबतीला भाऊ अहरोन दिला. आपणही तसे सोबती होऊ या. मूल ओरडले तर वळून पाहू नये, दटावू नये. तफिल्ला चालू ठेवावी. आणि किद्दुशच्या वेळी त्या कुटुंबाला आपल्या शेजारी बसवावे.