पडद्यावरची माणसं कोण शोधतं?

प्रश्न : युरोपातल्या सिनेमांच्या नामावलीत ‘कास्टिंग डायरेक्टर’ असतो. नट तर दिग्दर्शकच निवडतो, मग हा माणूस करतो काय? आणि कोराडीत राहणाऱ्याला या धंद्यात शिरता येईल का?
(एक वाचक, कोराडी, जि. नागपूर)

उत्तर : शेवटचा होकार दिग्दर्शकाचाच. पण त्याच्यापुढे जी चार नावं येतात, ती शेकड्यांतून गाळून आणतो कास्टिंग डायरेक्टर. संहिता वाचायची, ऑडिशन घ्यायच्या, समोर बसून क्यू द्यायचे (म्हणजे समोरच्या पात्राची वाक्यं बोलायची), तारखा आणि मानधन जुळवायचं, हे सगळं त्याच्याकडे. युरोपात त्यात आणखी एक त्रांगडं आहे. तिथले कितीतरी सिनेमे दोन-तीन देशांच्या पैशांवर उभे राहतात आणि सिनेमा युरोपीय धरायचा का हे ठरवायला सहनिर्मितीच्या युरोपीय करारात चक्क गुण मोजतात : पहिल्या भूमिकेला ३, दुसरीला २, तिसरीला १. नट युरोपातला नसला तर ते गुण गेले. म्हणजे चेहरा पारखायचा आणि हिशेबही सांभाळायचा! एवढं करूनही ब्रिटनच्या बाफ्टाने या कामासाठी पुरस्कार सुरू केला तो २०२० मध्ये, आणि ऑस्करला तर २०२६ उजाडावं लागलं.

आपल्याकडची माणसं या कामात फार आधीपासून आहेत. ब्रिटिश दिग्दर्शक ॲटनबरोंच्या ‘गांधी’साठी (१९८२) भारतातली पात्रनिवड डॉली ठाकोर यांनी सांभाळली. त्यातल्या कस्तुरबा, आपल्या रोहिणी हट्टंगडी, बाफ्टा घेऊन आल्या. ‘स्लमडॉग मिलियनेअर’साठी लवलीन टंडन मुलं निवडायला आल्या, लहान मुलांचा भाग हिंदीत करा असं त्यांनी सुचवलं आणि सिनेमा संपेपर्यंत त्या सहदिग्दर्शक झाल्या होत्या.

पण तुम्हाला सांगण्याजोगं उदाहरण नागपूरचंच आहे. चैतन्य ताम्हाणेंच्या ‘कोर्ट’मध्ये (२०१४) लोकशाहीर नारायण कांबळे हवा होता. पात्रनिवड सच्चित पुराणिकांची. मुंबईत नटांची काय कमी! तरी ही भूमिका गेली नागपूरच्या वीरा साथीदारांकडे. आंबेडकरी चळवळीतले कार्यकर्ते, कवी, ‘विद्रोही’ या नियतकालिकाचे संपादक, सिनेनट मुळीच नव्हेत. आरोपी म्हणून उभे असताना ते जवळजवळ काहीच करत नाहीत. कंटाळलेले, तरी न वाकलेले दिसतात, बस्स. तालमीने हे आणता येतं, असं मला तरी वाटत नाही. शेजारी गीतांजली कुलकर्णींसारखी रंगभूमीवर मुरलेली अभिनेत्री सरकारी वकील आहे, आणि दोघांत कुठे सांधा दिसत नाही. पात्रनिवडीचं कसब म्हणतात ते हेच. व्हेनिसच्या महोत्सवात ‘ओरिझोन्ती’ विभागातला सर्वोत्कृष्ट चित्रपट हाच ठरला, शिवाय पदार्पणाचा ‘लायन ऑफ द फ्यूचर’ही यालाच मिळाला. एप्रिल २०२१ मध्ये साथीदार कोरोनाने गेले.

आता तुमचा शेवटचा प्रश्न. या कामाला अमुकच पदवी लागते असं नाही. बहुतेक जण सहायक म्हणून सुरुवात करतात : कॅमेरा लावणं, नावं-नंबर टिपणं, दिवसभर क्यू देत बसणं. कामासाठी पुढे मुंबई गाठावी लागेल, ते टळत नाही. पण नजर तयार करायला मुंबई लागत नाही. दिवाळीनंतर पूर्व विदर्भातल्या वडसा भागात झाडीपट्टीची नाटकं सुरू होतात, रात्रभर चालतात. तिथे जा, वही न्या आणि कोण कशात शोभेल ते लिहून काढा. मुख्य नटाकडे थोडं कमी बघा. हवालदार आणि म्हातारी कोण करतंय, ते आधी टिपा.