सांगा पाहू, मी कोण?

माझं शिक्षण कॉन्व्हेंटमधलं, त्यामुळे मराठीची चूकभूल द्यावी घ्यावी.

मागच्या दिवाळीत घरी गेलो तेव्हा आजोबांना अर्धांगाचा झटका येऊन दोन महिने झाले होते. उजवा हात लुळा, वाचा गेलेली. मी त्यांच्या कानाशी ओरडलो, "आजोबा, सांगा पाहू मी कोण?" आयुष्यभर गणित शिकवलेल्या माणसाची मी जणू व्हायवाच घेत होतो. त्यांनी तोंड भिंतीकडे फिरवलं.

होस्टेलवर परतल्यावर जिल बोल्टी टेलर या अमेरिकन मेंदूशास्त्रज्ञ बाईंबद्दल वाचलं. १० डिसेंबर १९९६ रोजी, वयाच्या ३७व्या वर्षी, त्यांच्या मेंदूच्या डाव्या भागात रक्तस्राव झाला. चार तासांत चालणं, बोलणं, वाचणं, आठवणं सगळं गेलं. मदतीसाठी फोन करायचा तर आकडेच ओळखू येईनात. कार्डावरच्या आकड्यांचे आकार फोनच्या बटणांशी जुळवत त्यांनी कसाबसा नंबर लावला. सहकाऱ्याने उचलला, पण यांच्या तोंडून एक धड शब्द निघेना.

बहुतेकांची भाषा मेंदूच्या डाव्या बाजूला असते. टेलर सांगतात की "मी अमुक, माझं काम तमुक" ही मनातली बडबड त्या दिवशी बंद पडली. आपलं शरीर कुठे संपतं तेही कळेना. तरी आत शांत वाटत होतं.

ऑपरेशन करून गोल्फच्या चेंडूएवढी गुठळी काढली. मग आईने लहान मुलीसारखं पुन्हा वाचायला शिकवलं. पूर्ण बरं व्हायला आठ वर्षं लागली.

आपण इंजिनिअरिंगवाले म्हणणार, सिस्टीम क्रॅश झाली, बॅकअप टाका. पण माणसाचा बॅकअप नसतो. टेलर बऱ्या झाल्या, पण पूर्वीच्या टेलर परत आल्या नाहीत. जुने राग पुन्हा जवळ करायचे नाहीत, असं त्यांनी स्वतःच ठरवलं. म्हणजे 'मी' मोडला, आणि नवा घडला.

अशा पेशंटशी कसं वागावं, हेही त्यांनी लिहिलंय. मोठ्याने नको, सावकाश बोला. जवळ बसा. उत्तराची वाट बघा. हे वाचून मला माझीच लाज वाटली.

पुढच्या सुट्टीत आजोबांशेजारी बसून एवढंच म्हणालो, "आजोबा, मी आलोय." आणि थांबलो. बऱ्याच वेळाने त्यांनी डाव्या हाताच्या बोटाने माझ्या तळहातावर काहीतरी गिरवलं. मला कळलं नाही.

"सावकाश लिहा आजोबा," मी म्हटलं, "मला घाई नाही."