सिनेमा पडला, कर्ज उरलं

प्रश्न : ओळखीच्या निर्मात्याला सिनेमासाठी पैसे दिले. सिनेमा पडला. आता तो म्हणतो, ‘धंद्यात नफा-नुकसान दोघांचं.’ हे खरं का? अभिनेते राजपाल यादव अशाच कर्जापायी तुरुंगात गेले म्हणतात. म्हणजे कर्ज बुडवणं गुन्हा आहे का? आणि खटल्यासाठी आम्ही हिंगणघाटहून मुंबईच्या चकरा मारायच्या का?

उत्तर : नफा-नुकसान दोघांचं, हा नियम भागीदारांचा. करारात नफ्यातला वाटा लिहिला असेल तर तोट्याची झळही तुम्हाला बसणार. मुद्दल, व्याज आणि परतीची तारीख लिहिली असेल तर ते कर्ज. सिनेमा चालो की पडो, देणं कायम. पंचाईत अशी, की ओळखीतल्या कागदावर दोन्ही असतं. पोस्टरवर सहनिर्माता म्हणून नावही हवं आणि दरमहा व्याजही. असा कागद दोन्हीकडचे वकील मोठ्या आवडीनं वाचतात.

आता राजपाल यादवांचं. ‘अता पता लापता’ हा स्वतः दिग्दर्शित केलेला सिनेमा काढायला त्यांनी २०१० मध्ये दिल्लीच्या एका कंपनीकडून ५ कोटी रुपये घेतले. सिनेमा २०१२ मध्ये आला आणि पडला. पुढं ते तुरुंगात गेले हे खरं, पण नुसतं कर्ज थकलं म्हणून नव्हे. २०१३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं १० दिवसांची कैद दिली, ती वसुलीच्या दाव्यात खोटं प्रतिज्ञापत्र दिल्याबद्दल. एप्रिल २०१८ मध्ये कडकडडूमा न्यायालयानं सहा महिन्यांची शिक्षा सुनावली, ती चेक न वटल्याबद्दल. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये उच्च न्यायालयानं तीन महिन्यांसाठी पाठवलं, ते कबूल केलेली रक्कम न भरल्यामुळे, दिवाणी कैदेत. कर्ज एकच, पण तुरुंगाच्या वाटा तीन.

पैसे नसणं हा गुन्हा नाही. दिवाणी कैदसुद्धा ऐपत असून टाळाटाळ करणाऱ्यालाच, असं सर्वोच्च न्यायालयानं १९८० मध्येच सांगून ठेवलं आहे. गुन्हा होतो तो दिलेला चेक परत आल्यावर आणि नोटीस देऊनही पैसे न मिळाल्यावर. चलनक्षम दस्तऐवज कायदा १८८१ चा असला तरी त्यातलं कलम १३८ लागू झालं १ एप्रिल १९८९ पासून. शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद, किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

‘तो चेक नुसता तारण म्हणून दिला होता, सही करून कोराच दिला होता’ ही सबब तुम्हाला हमखास ऐकवली जाईल. ती तेवढ्यानं टिकत नाही. सही आपली आणि चेक राजीखुशीनं दिलेला असेल, तर देणं होतं असं न्यायालय धरून चालतं. नव्हतं हे सिद्ध करायचं चेक देणाऱ्यानं. ‘स्टॉप पेमेंट’ करूनही सुटका होत नाही.

मुंबईची चकर मात्र वाचते. २०१४ मध्ये दशरथ रूपसिंह राठोड विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं खटला चेक देणाऱ्याच्या बँकेच्या गावी चालेल असं ठरवलं आणि देशभरचे घेणेकरी हवालदिल झाले. संसदेनं २०१५ मध्ये कायदाच बदलला. आता चेक अंधेरीच्या शाखेचा का असेना, तो तुमच्या हिंगणघाटच्या खात्यात भरला तर फिर्याद हिंगणघाटच्या न्यायदंडाधिकाऱ्यांपुढेच.

तारखा मात्र काटेकोर. चेक परत आल्याचं बँकेनं कळवल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस. ती मिळाल्यापासून १५ दिवस त्याला पैसे द्यायला. ते संपल्यावर महिन्याभरात फिर्याद.

चेकच घेतला नसेल तर उरतो दिवाणी दावा. त्याची मुदत साधारणपणे तीन वर्षं. तिथं समोरचा वकील तुमचा सावकारीचा परवाना मागू शकतो. एखाद्या ओळखीच्याला एकदाच हातउसने दिले तर ती सावकारी होत नाही. पण गावात आणखी चार-पाच जणांना व्याजानं दिले असतील, तर २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी (नियमन) कायद्याची गाठ पडेल. विनापरवाना सावकारी हा स्वतंत्र गुन्हा आहे. वकिलाकडे जाल तेव्हा हेही लपवू नका.

आणि चेक अजून कपाटातच असेल तर आधी त्यावरची तारीख बघा. तीन महिने उलटले की बँक तो घेत नाही.