घर केवढ्याला पडलं?

घर घेतलं की पाहुणे विचारतात, "केवढ्याला पडलं?" आणि आपण करारनाम्यावरचा आकडा सांगतो. कर्ज काढून घेतलेल्या घराची खरी किंमत त्या आकड्याच्या पुष्कळ पुढे असते आणि ती शेवटचा हप्ता गेल्यावरच कळते. आम्ही २०१७ साली नाशिकला फ्लॅट घेतला. कर्ज तीस लाख, मुदत वीस वर्षं, व्याज साडेआठ टक्के, हप्ता २६,०३५ रुपये. माझी नोकरी शाळेच्या कार्यालयात, पगारपत्रकं करण्याची. त्यामुळे कर्ज काढणारे शिक्षक पगाराच्या दाखल्यासाठी माझ्याकडेच यायचे आणि पुढे कर्जाचे कागदही दाखवायला आणायचे. आमच्या आणि त्यांच्या कागदांवरून जे कळलं ते लिहिते आहे.

१. परतफेडीचं वेळापत्रक मागून घ्या आणि त्याचं पहिलं पान नीट वाचा.

मंजुरीपत्रावर हप्ता ठळक अक्षरांत असतो. त्यातलं व्याज किती आणि मुद्दल किती, हे वेळापत्रकात असतं. आमच्या पहिल्या २६,०३५ रुपयांतले २१,२५० व्याजात गेले. मुद्दल कमी झालं ४,७८५ रुपयांनी. हिशोब चोख आहे, यात कोणी कोणाला फसवत नाही. तीस लाख वर्षभर वापरायचं साडेआठ टक्क्यांनी भाडं अडीच लाखांच्या वर होतं, ते आधी वळतं होतं आणि उरलेलं मुद्दलाला लागतं. पण हे आकड्यांत पाहिलं नाही, तर पाच वर्षांनी मोठा धक्का बसतो. पाच वर्षांत साठ हप्ते, म्हणजे १५ लाख ६२ हजार रुपये भरून होतात आणि बाकी दिसते २६ लाख ४४ हजार. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष सरत यावं लागतं. कर्ज निम्म्यावर येतं १६६व्या हप्त्याला, म्हणजे जवळजवळ चौदा वर्षांनी. दर आहे तोच राहिला, तर वीस वर्षांत एकूण भरणा ६२ लाख ४८ हजार. तीस लाखांवर साडेबत्तीस लाखांच्या आसपास व्याज.

माझ्यासमोर बसून हे पान वाचताना बरेच जण गप्प होत. मग पहिला प्रश्न असायचा, "लवकर फेडलं तर किती वाचेल?" तो प्रश्न सही करण्याआधी पडायला हवा.

२. हप्ता बसतो का हे विचारताना मुदत किती हेही विचारा.

माझा भाचा पुण्यात वाकडला घर बघत होता. फोनवर म्हणाला, "मामी, तीस वर्षांचं घेतलं तर हप्ता तीन हजारांनी कमी बसतोय."

"किती वर्षं भरणार आहेस?"

"तीस."

"आत्ता चौतिशीत आहेस तू. चौसष्टाव्या वर्षी पगार कोण देणार आहे?"

मग आम्ही दोघांनी हिशोब मांडला. तीस लाखांना साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांचा हप्ता २६,०३५ आणि तीस वर्षांचा २३,०६७. महिन्याला वाचले सुमारे तीन हजार. त्यासाठी व्याज साडेबत्तीस लाखांवरून ५३ लाखांवर गेलं. साडेवीस लाख जास्त! उलट पंधरा वर्षांची मुदत घेतली, तर हप्ता २९,५४२ होतो आणि व्याज २३ लाख १८ हजारांवर थांबतं. वीस वर्षांच्या हप्त्यात साडेतीन हजारांची भर घातली की सव्वानऊ लाख वाचतात. भाच्याने वीस वर्षांची मुदत घेतली.

"मुदत लांब घेऊ आणि मधेमधे जादा भरत जाऊ," असं म्हणणारे खूप भेटले. खरोखर भरणारे फार थोडे. हप्ता ठरलेला असला की तो जातोच, जादा भरणा मात्र दर महिन्याला पुढच्या महिन्यावर जातो. म्हणून माझं स्पष्ट मत आहे की ओढूनताणून का होईना, झेपेल तेवढी कमी मुदत घ्यावी.

३. दर बदलला की बँकेत जा आणि उरलेले हप्ते किती ते विचारा.

सगळ्यात जास्त पैसा इथे जातो आणि जाताना दिसत नाही. आमचं कर्ज एमसीएलआरवर, म्हणजे बँक स्वतःच्या खर्चावरून ठरवते त्या दरावर होतं. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना बदलत्या दराची नवी गृहकर्जं रेपो दरासारख्या (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो) बाहेरच्या दराशी जोडणं रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केलं. तेव्हा आम्ही किरकोळ शुल्क भरून कर्ज रेपोकडे वळवून घेतलं. २०२० मध्ये रेपो चार टक्क्यांवर आला, आमचा व्याजदरही उतरला. त्या वेळी हप्ता कमी करून देण्याचा पर्याय होता. आम्ही जुनाच हप्ता चालू ठेवला. हप्ता तोच आणि व्याज कमी, म्हणजे मधला सगळा फरक मुद्दलाला लागला.

मग ४ मे २०२२ रोजी रिझर्व्ह बँकेने दर वाढवायला सुरुवात केली आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो साडेसहा टक्क्यांवर नेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. ज्यांनी २०२१ मध्ये स्वस्तात कर्ज घेतलं होतं त्यांची यात फार ओढाताण झाली. समजा, ६.७ टक्क्यांनी तीस लाख वीस वर्षांसाठी घेतले, हप्ता सुमारे २२,७००. दीड वर्षाने दर ९.२ झाला. बाकी होती २८ लाख ८७ हजार, तिच्यावर एका महिन्याचं व्याजच २२,१३५. हप्ता तेवढाच ठेवला, तर हे कर्ज फिटायला तिथून पुढे सुमारे चाळीस वर्षं लागतात. वीस वर्षांचं कर्ज आणि चाळीस वर्षांची बाकी! एवढी मुदत बँका देत नाहीत, म्हणून कुठे मुदत ताणली गेली, कुठे हप्ताही वाढला. कित्येकांना खात्यातून तेवढीच रक्कम जाताना दिसत होती, म्हणून त्यांनी चौकशीच केली नाही. एका शिक्षिकेच्या स्टेटमेंटवर मी स्वतः पाहिलं, कर्ज संपण्याचं साल तिच्या सेवानिवृत्तीच्या पुढे गेलं होतं. तिला कोणीही कळवलं नव्हतं.

१८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने यासाठी परिपत्रक काढलं. दर बदलताना कर्जदाराला विचारायचं: हप्ता वाढवू, मुदत वाढवू की दोन्ही? स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय देणंही तेव्हा सक्तीचं होतं, ऑक्टोबर २०२५ पासून ते बँकेच्या मर्जीवर आहे. दर तिमाहीला विवरण द्यायचं आणि त्यात आतापर्यंत किती मुद्दल, किती व्याज वसूल झालं, किती हप्ते उरले, वार्षिक दर काय, हे सगळं असलं पाहिजे. ते विवरण मागणं तुमचा हक्क आहे. अर्ज दोन ओळींचा करा आणि पोच घ्या.

फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. तुमच्या कर्जाचा दर त्या प्रमाणात उतरला का, हे बघा. नव्या ग्राहकाला बँक कमी दर देते आणि जुना ग्राहक वरच्या दराने भरत राहतो, असं सर्रास दिसतं. पंचवीस लाख बाकी आणि पंधरा वर्षं मुदत असेल, तर नऊ आणि साडेआठ टक्क्यांतला फरक महिन्याला साडेसातशेच्या आत आहे, पण पूर्ण मुदतीत तो १ लाख ३३ हजार होतो. आधी आपल्याच बँकेकडे दर कमी करून मागावा. तिथे नाहीच झालं तर कर्ज दुसरीकडे नेण्याचा विचार करावा. मात्र तिथली प्रक्रिया फी, वकिलाचा अहवाल आणि गहाणाचं मुद्रांक शुल्क हे सगळं त्या बचतीतून वजा करून मगच ठरवा.

४. जादा भरणा सुरुवातीच्या वर्षांत करा आणि मुदत कमी करून घ्या.

साडेआठ टक्क्यांच्या, तीस लाखांच्या वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे सुमारे अठरा हप्ते कमी होतात. लाखाच्या भरण्यात पावणेचार लाखांच्या आसपास व्याज वाचतं. तेच एक लाख पंधरा वर्षांनी भरले तर सहाएक हप्ते कमी होतात आणि पन्नास हजार वाचतात. लोक मात्र उलट करतात. सुरुवातीची वर्षं फर्निचर आणि मोड्युलर किचनमध्ये जातात, आणि निवृत्तीचे पैसे हातात आले की कर्ज फेडून टाकतात. तोवर व्याजाचा मोठा भाग भरून झालेला असतो.

आम्ही दिवाळीचा बोनस, पगारातल्या फरकाचे पैसे, मुदत संपलेली एखादी ठेव असं जे हाती येईल त्यातलं बरंचसं तिकडे वळवलं. पगारवाढ झाली की हप्ता थोडा वाढवून घेतला. सहा महिन्यांचा घरखर्च मात्र कधी मोडला नाही, तो मोडून कर्ज फेडू नये असं मी सगळ्यांना सांगते. दुखणं सांगून येत नाही, आणि तेव्हा काढावं लागणारं वैयक्तिक कर्ज गृहकर्जापेक्षा खूप महाग असतं.

व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर बँकेला मुदतपूर्व भरण्याचा दंड लावता येत नाही. रिझर्व्ह बँकेने तो २०१२ मध्येच बंद केला आहे. पण पैसे नुसते कर्जखात्यात पाठवून भागत नाही. आमच्या एका सहकाऱ्याने ऑनलाइन दोन लाख भरले आणि ते पुढच्या हप्त्यांपोटी आगाऊ म्हणून जमा झाले, मुद्दल जिथल्या तिथेच. त्याने स्टेटमेंट बघितलं म्हणून लक्षात आलं. 'ही रक्कम मुद्दलातून वजा करावी, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी' असा अर्ज दिल्यावर नोंद बदलली गेली. हे वाक्य असंच्या असं लिहून द्या.

५. कर्जात मिसळलेला विमा वेगळा काढून बघा.

कर्ज काढणाऱ्याच्या मागे कुटुंबासाठी विमा हवाच. पण एकरकमी हप्त्याची पॉलिसी कर्जातच घालून देतात, तेव्हा विम्याच्या पैशांवरही वीस वर्षं व्याज चालू राहतं. नव्वद हजारांचा हप्ता साडेआठ टक्क्यांनी कर्जात घातला, तर भरून होईपर्यंत १ लाख ८७ हजार जातात. वेगळा टर्म इन्शुरन्स घेतला तर तो बऱ्याचदा स्वस्त पडतो आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी चालू राहतो.

६. कर्जाबाहेरचा रोख खर्च आधी बाजूला काढा.

शहरांत मुद्रांक शुल्क सहा-सात टक्के आहे. खरेदी बाईच्या नावावर असेल तर महाराष्ट्रात एक टक्का सवलत मिळते. नोंदणी फी एक टक्का, तीस हजारांच्या मर्यादेत. बांधकाम चालू असलेल्या फ्लॅटवर जीएसटी, परवडणाऱ्या घरांना एक आणि इतरांना पाच टक्के. प्रक्रिया फी, आणि तिच्यावर अठरा टक्के जीएसटी. बांधकाम चालू असताना ताबा लांबला, तर घरभाडं आणि उचललेल्या रकमेवरचं व्याज दोन्ही एकदम भरावं लागतं, आणि या व्याजाने मुद्दल एका रुपयानेही कमी होत नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून कर्जासोबत मुख्य तपशिलांचं पत्रक देणं बंधनकारक आहे. त्यात सगळी शुल्कं धरून खरा वार्षिक दर दिलेला असतो. दोन बँकांची तुलना त्या दरावर करा.

७. करसवलतीसाठी कर्ज रेंगाळू देऊ नका.

"कर्ज ठेवा, टॅक्स वाचतो," हे स्टाफरूममध्ये फार ऐकलं. स्वतः राहत्या घराच्या व्याजावर जुन्या करपद्धतीत वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते, नव्या पद्धतीत ती नाही. जुन्या पद्धतीत तीस टक्क्यांच्या टप्प्यातला माणूससुद्धा शंभर रुपये व्याज भरून तीस-एकतीस रुपये कर वाचवतो. बाकीचे सत्तर गेलेच.

८. शेवटच्या हप्त्यानंतरचं काम पूर्ण करा.

कर्ज फिटलं की मूळ करारनामा, इंडेक्स टू, साखळीतले जुने दस्त, जे जे बँकेकडे दिलं होतं ते यादीप्रमाणे मोजून घ्या. १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम असा की, कागदपत्रं तीस दिवसांत परत करायची. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई कर्जदाराला द्यायची. बेबाकी प्रमाणपत्र घ्या. सोसायटीच्या भागपत्रावर किंवा दप्तरात बँकेच्या बोज्याची नोंद असेल, तर पत्र देऊन ती काढून घ्या. सेरसाईच्या, म्हणजे गहाणांच्या केंद्रीय नोंदवहीतलं गहाण मिटवल्याची खात्री करून घ्या.

प्लॉट घेऊन बांधलेलं घर असेल तर सातबाऱ्याकडे जास्त लक्ष द्या. आमच्या ओळखीच्या एका काकांनी कर्ज केव्हाच फेडलं होतं, कागद कपाटात होते. घर विकायला काढलं तेव्हा गिऱ्हाइकाच्या वकिलाने सातबारा समोर ठेवला. इतर हक्कांच्या रकान्यात बँकेचा बोजा तसाच! बँकेचं पत्र जोडून तलाठ्याकडे अर्ज करावा लागतो, फेरफार मंजूर व्हावा लागतो, तेव्हा बोजा कमी होतो. आपोआप काही होत नाही. काकांचा व्यवहार तेवढ्यासाठी अडून राहिला. डिजिटल सही असलेला सातबारा महाभूमीच्या संकेतस्थळावर पंधरा रुपयांत मिळतो. कर्ज फेडून झालेल्यांनी तो आजच काढून तो रकाना वाचावा, आणि ज्यांचं चालू आहे त्यांनी या आठवड्यात बँकेत जाऊन आपले किती हप्ते उरले आहेत ते लेखी मागावं.