मॉड टाकले, पण गेममध्ये दिसत नाहीत

प्रश्न : ‘स्कायरिम स्पेशल एडिशन’साठी मॉड ऑर्गनायझर २ मध्ये मॉड टाकले. स्टीमवरून गेम सुरू केल्यावर मात्र एकही दिसत नाही. असे का?

उत्तर : मॉड शाबूत आहेत, गेम चुकीच्या दारातून उघडला जातो आहे.

मॉड ऑर्गनायझर मॉडच्या फाइली गेमच्या ‘डेटा’ फोल्डरमध्ये उतरवतच नाही. त्या वेगळ्या ठेवून, गेम सुरू होताना तो एक आभासी फोल्डर उभा करतो आणि फाइली तिथेच असल्याचे गेमला भासवतो. थेट स्टीमवरून उघडलेल्या गेमपर्यंत हा आभासी फोल्डर पोहोचत नाही. व्होर्टेक्स या दुसऱ्या मॉड मॅनेजरची रीत निराळी. तो सहसा हार्डलिंकने फाइली खऱ्या फोल्डरमध्येच मांडतो, त्यामुळे तिथे स्टीमचे बटणही चालते.

उपाय सोपा आहे. स्टीम चालू ठेवून गेम मॉड ऑर्गनायझरमधल्या ‘रन’ बटणानेच सुरू करावा. स्क्रिप्ट एक्स्टेंडर (एसकेएसई) लागणारे मॉड असतील, तर ‘एक्झिक्युटेबल्स’च्या यादीत त्याचा लोडर जोडून तोच निवडावा. एक्स्टेंडरची आवृत्ती गेमच्या आवृत्तीशी जुळलीच पाहिजे. मॉड ऑर्गनायझर गेमच्या फोल्डरमध्ये किंवा ‘प्रोग्राम फाइल्स’मध्ये बसवू नये.

एक्स्टेंडर वापरत असाल, तर शेवटी गेममधला कन्सोल उघडून ‘गेटएसकेएसईव्हर्जन’ हा आदेश द्यावा. आवृत्तीचा क्रमांक दिसला, की एक्स्टेंडर नीट सुरू झाला आहे.