मिरचीचे बी झाडावरच निवडा

संक्रांतीच्या सुमारास खरिपातल्या मिरचीची लाल तोडणी सुरू असते. पुढच्या हंगामासाठी घरचे बी राखायचे असेल, तर हीच वेळ. वाळलेल्या ढिगातून देखणी मिरची उचलून बी काढू नये. ती कोणत्या झाडाची, हे ढिगात कळत नाही आणि चुरडा-मुरडा झालेल्या झाडालाही एखादी देखणी मिरची लागतेच.

वाण : लवंगी, संकेश्वरी, पुसा ज्वाला, फुले ज्योती अशा सरळ वाणांचेच बी राखावे. संकरित मिरचीच्या बियांपासून पुढच्या पिढीत एकसारखी झाडे मिळत नाहीत.

झाडे : निरोगी, भरपूर फळे धरणारी, वाणाशी जुळणारी झाडे हेरून त्यांना रंगीत दोरा बांधावा. बी एकाच झाडाचे न घेता जमतील तितक्या झाडांचे घ्यावे.

भेसळ : मधमाश्या एका मिरचीचा पराग दुसरीवर नेतात. म्हणूनच प्रमाणित बीजोत्पादनात दोन वाणांमध्ये 200 मीटर अंतर ठेवतात. परसबागेत तेवढी जागा नसते, शेजारच्या ढोबळी मिरचीच्या परागानेही भेसळ होते. अशा वेळी कळ्या उमलण्यापूर्वी फांदीवर मलमलची पिशवी बांधावी. फळ धरले की पिशवी काढून फांदीला खूण करावी.

तोडणी व वाळवण : फळ झाडावरच पूर्ण लाल होऊ द्यावे. काळे, खोलगट डाग असलेले फळ घेऊ नये. फळकुजीची बुरशी बियांतूनही पसरते. फळे आणि नंतर बी सावलीत, हवेशीर जागी वाळवावे. तापलेल्या पत्र्यावर किंवा फरशीवर बी टाकल्यास उगवणशक्ती जाते. बी काढताना हातमोजे घालावेत, डोळ्यांना हात लावू नये.

साठवण : बी खडखडीत वाळले की कोरड्या, घट्ट झाकणाच्या बरणीत भरावे. वाण आणि वर्ष लिहून बरणी थंड, अंधाऱ्या जागी ठेवावी.

उगवण चाचणी : मे महिन्यात 100 बिया ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवाव्यात व फडके ओलसर राखावे. दोन आठवड्यांत साठांहून कमी उगवल्या, तर त्या बियाण्यावर विसंबू नये. पेरणीपूर्वी किलोला 5 ग्रॅम ट्रायकोडर्मा चोळावे.

दोरा बांधायला एक सकाळ पुरते. तोडणीच्या पाट्या शेतात जाण्याआधी ती सकाळ काढा. खुणेची फळे वेगळ्या पाटीत पडली, की बियाण्याचे निम्मे काम झाले.