हुबेहूब सही खोटी कशी?

एका कोऱ्या कागदावर तुमची सही करा. दुसऱ्या कागदावर पुन्हा करा. आता दोन्ही कागद एकावर एक ठेवून खिडकीच्या काचेवर धरा. सह्या तंतोतंत जुळतात काय? बहुधा नाहीच. एखादी वेलांटी लांबलेली असते, एखादी रेघ आखूड पडलेली असते. हात म्हणजे काही छापखान्यातले यंत्र नव्हे!

चेकवर खोटी सही करणारा नेमके हेच विसरतो. जुन्या चेकवरची खरी सही मिळवून तो ती काचेवर गिरवतो. आकार बरोबर येतो, पण गती येत नाही. खरी सही करताना हात धावत असतो, म्हणून रेघांची टोके निमुळती होतात. गिरवणारा हात रांगतो. तो थबकला तेथे शाई साचते, पेन उचलले तेथे सांधा दिसतो. कागदावर अगदी तिरपा प्रकाश टाकून भिंगातून पाहिले, तर बॉलपेनच्या दाबाने पडलेली खाचही दिसते. माळावरची चाकोरी दुपारी दिसत नाही, पण सकाळच्या कोवळ्या उन्हात सावलीमुळे उठून दिसते, तसेच हे.

सही खोटी ठरली, तर तो चेक म्हणजे खातेदाराची आज्ञाच नव्हे, नुकसान बँकेचे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८७ साली कॅनरा बँकेच्या खटल्यात सांगितले. उलट, तज्ज्ञाचा अंदाज चुकला तर एखादा निरपराध कारकून तुरुंगात जाईल. मग हा अंदाज आकड्यांत मांडता येईल काय?

तसा एक प्रयत्न अमेरिकेत झाला. प्रकरण चेकचे नव्हते, मृत्युपत्राचे होते. मॅसॅच्युसेट्समधील सिल्व्हिया हाउलँड ही श्रीमंत बाई १८६५ साली वारली. तिची भाची हेटी रॉबिन्सन हिने मावशीच्या सहीचे एक जादा पान पुढे केले. त्यावरची सही मृत्युपत्रावरच्या खऱ्या सहीशी इतकी जुळत होती, की तीच संशयास्पद ठरली. प्राणिशास्त्रज्ञ लुई अगासी यांना सूक्ष्मदर्शकाखाली पेन्सिलीने गिरवल्याची खूण सापडली नाही. विरुद्ध बाजूने साक्षीला आले हार्वर्डचे गणिती बेंजामिन पीअर्स.

हाउलँडबाईंच्या सहीत वरून खाली ओढलेल्या ३० रेघा होत्या. पीअर्स व त्यांचे चिरंजीव चार्ल्स यांनी ४२ खऱ्या सह्या घेऊन प्रत्येक सही दुसरीवर ठेवून पाहिली. जोड्या झाल्या ४२ × ४१ ÷ २ = ८६१, आणि रेघांच्या तुलना २५,८३०. त्यांपैकी ५,३२५ जुळल्या, म्हणजे साधारण पाचांत एक. वादग्रस्त सहीत मात्र तिसांच्या तीसही जुळत होत्या! याची संभाव्यता १/५ चा तिसावा घात. लॉगच्या कोष्टकाने करून पाहा: ३० × ०.६९९० = २०.९७, म्हणजे सुमारे ९.३ × १०^२० वेळांत एकदा. (कोर्टात पीअर्स यांनी सांगितलेला आकडा याच्या जवळजवळ तिप्पट होता. थोरांचीही आकडेमोड चुकते.)

पण खरी मेख आकडेमोडीत नाही, गुणाकारात आहे. संभाव्यतांचा गुणाकार करायचा, तर प्रत्येक रेघ दुसरीपासून स्वतंत्र हवी. नाण्याला मागची फेक आठवत नाही, पण हाताला मागची रेघ ठाऊक असते. एकाच टेबलावर, एकाच टाकाने, लागोपाठ केलेल्या दोन सह्यांत एक रेघ जुळली तर पुढचीही जुळण्याची शक्यता वाढते. म्हणजे एकावर एकवीस शून्यांच्या घरातला तो आकडा भीतिदायक असला, तरी भरवशाचा नाही. मला स्वतःला ती सही गिरवलेलीच वाटते. पण ते या आकड्यामुळे नव्हे.

१८६८ साली कोर्टाने हेटीचा दावा फेटाळला तो वेगळ्याच कारणाने: तिची स्वतःची साक्षच कायद्याने ग्राह्य नव्हती. सहीचा निकाल लागलाच नाही.

आपल्याकडे सर्वोच्च न्यायालयाने मुरारीलाल खटल्यात म्हटले, की हस्ताक्षरतज्ज्ञाचे मत दुसरा पुरावा नाही एवढ्यावरून टाकून देऊ नये, मात्र ते सावधपणे पारखावे. आता पारखण्यात एक नवी अडचण आली आहे. हल्ली चेक एका बँकेतून दुसऱ्या बँकेत जातो तो चित्राच्या रूपाने. कागद जेथे भरला तेथेच राहतो. चित्रात सहीचा आकार येतो, दाबाची खाच येत नाही. म्हणून वाद निघाला, की तज्ज्ञ आधी मूळ कागद मागतो.